चेबु जेन: सेनेगलच्या मासे-भाताबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सेनेगलच्या राजधानीत, डाकारला, नोकरीनिमित्त राहून आलो तेव्हापासून लोक तेच तेच विचारतात, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकतोय. आमच्या घरमालकीणबाई मूळच्या सेनेगलमधल्याच सेंट लुई गावच्या, मासेमारांच्या वस्तीत वाढलेल्या. त्यांच्या स्वयंपाकघरात बसून जे बघितलं त्यातलं बरंच यात आहे, बाकीचं वाचून-विचारून.

चेबु जेन म्हणजे नक्की काय?

वाटण भरलेला मासा टोमॅटोच्या दाट रश्शात भाज्यांसोबत शिजवायचा, मग मासा-भाज्या बाहेर काढून त्याच रश्शात कणीचा भात शिजवायचा, आणि मोठ्या परातीत भात पसरून मधोमध मासा आणि भाज्या मांडायच्या. झालं. सांगायला दोन ओळी, करायला अख्खी सकाळ. चेब म्हणजे भात, जेन म्हणजे मासा, आणि फ्रेंच स्पेलिंग वाचून कोणी 'थिएबुदिएन' म्हणालं तर तेही हेच. सेनेगलमध्ये हे दुपारचं जेवण, दीड-दोनच्या पुढं कधीही, आणि सणावारी नाही तर अगदी रोजसुद्धा. मटण घातलं की तोच चेबु याप होतो, तो लग्नाकार्यात जास्त दिसतो.

म्हणजे जोलोफ राइसच ना हा?

जोलोफ म्हणजे पश्चिम आफ्रिकाभर खातात तो टोमॅटोतला लाल भात. पण सेनेगली माणसासमोर असं म्हणू नका, निदान जेवायच्या आधी तरी नको. नायजेरिया आणि घाना यांचं इंटरनेटवर कायम भांडण चालू असतं, कोणाचा जोलोफ भारी म्हणून, आणि सेनेगलवाले बाजूला बसून हसतात, कारण जोलोफ हे नाव त्यांच्या जुन्या वोलोफ राज्याचं. मूळ पद्धत तिथली, पुढं पश्चिम आफ्रिकाभर ती बदलत गेली असं बहुतेक अभ्यासक मानतात. गांबियात याच घराण्यातला भात बेनाचिन म्हणून खातात. पण घाना-नायजेरियाच्या भातात मासा असा रश्शात शिजत नाही, तांदूळही अख्खा असतो, त्यामुळं चव पार वेगळी लागते.

हा पदार्थ आला कुठून? पेंदा म्बाय कोण?

सेंट लुई. स्थानिक लोक या गावाला न्दार म्हणतात. सेनेगल नदी समुद्राला मिळते तिथं नदीतल्या एका अरुंद बेटावर फ्रेंचांनी 1659 मध्ये ठाणं वसवलं, पुढं 1895 ते 1902 हे गाव फ्रेंच पश्चिम आफ्रिकेची राजधानी होतं. बेटावर गव्हर्नर, व्यापारी, बाल्कनीवाली घरं, आणि पलीकडं नदी आणि महासागर यांच्या मधल्या वाळूच्या पट्टीवर गेत न्दार, मासेमारांची वस्ती, इतकी दाट की दोन घरांमधून चालताना खांदे घासतात. रंगवलेल्या लांबलचक होड्या थेट वाळूवर ओढून ठेवलेल्या. पुरुष समुद्रावर जाणार आणि मासा किनाऱ्याला लागला की पुढचं सगळं बायकांचं, म्हणजे विकणं, खारवणं, वाळवणं, धुरी देणं आणि घरी शिजवणं.

पेंदा म्बाय ही एकोणिसाव्या शतकातली सेंट लुईची स्वयंपाकीण, आणि टोमॅटोतला लाल चेबु जेन तिच्या नावावर सांगितला जातो. गव्हर्नरकडं स्वयंपाकाला होती असं काही जण सांगतात, एकदा नेहमीचं धान्य संपलं म्हणून तांदूळ वापरला अशीही गोष्ट आहे, प्रत्येक घरात थोडी वेगळी. कागदोपत्री पुरावा वगैरे मागायचा असेल तर ही जागा नाही. पण आजही लाल चेबु जेनला 'चेबु जेन पेंदा म्बाय' म्हणतात, आणि राजे-सेनापती सोडून एका स्वयंपाकिणीचं नाव देशाच्या मुख्य जेवणाला लागलेलं असणं हे मला तरी जबरदस्त वाटतं.

तुकडा तांदूळच का? अख्खा चालत नाही?

ही खरी इंटरेस्टिंग भानगड आहे. त्या भागातलं मूळ अन्न बाजरी आणि ज्वारी. (बाजरी मुळात त्या साहेलच्या, म्हणजे सहारा वाळवंटाच्या दक्षिणेच्या पट्ट्यातूनच आपल्याकडं आलेली, हे आपण विसरतो.) दक्षिणेकडं कासामान्समध्ये भात पिकवायची परंपरा खूप जुनी आहे, आफ्रिकेचा स्वतःचा तांदूळ वेगळा आहे, आशियातला नाही. पण उत्तरेला तांदूळ रोजचा नव्हता. फ्रेंचांना भुईमूग पाहिजे होता, तेलासाठी, साबणासाठी, म्हणून एकोणिसाव्या शतकात शेतकरी भुईमुगाकडं वळवले गेले, 1885 मध्ये डाकार ते सेंट लुई रेल्वे झाली तीही मुख्यतः त्या मालासाठीच, आणि जमीन भुईमुगाखाली गेल्यावर पोटाला काय, तर फ्रेंचांच्याच ताब्यातल्या इंडोचायनामधून (आजचं व्हिएतनाम, कंबोडिया, लाओस) तांदूळ आणायचा. तोही चांगला अख्खा तांदूळ नाही, गिरणीत पॉलिश करताना जी कणी पडते ती, जी युरोपात कोणाला नको होती.

म्हणजे लोकांच्या गळ्यात बाजारातला उरलेला माल मारला गेला. आणि सेंट लुईच्या बायकांनी त्या कणीचं काय केलं बघा: कणी रस्सा भसाभस शोषते, लवकर शिजते, आणि आधी वाफवून घेतली तर दाणा मोकळा राहतो, तर याच गुणांवर त्यांनी अख्खी पाककृती बसवली. आज परिस्थिती अशी आहे की डाकारची गृहिणी अख्खा तांदूळ दिला तरी नाक मुरडते. सेनेगल नदीच्या खोऱ्यात आता देशी भात पिकतो, सरकार तो खा म्हणून मागं लागतं, पण गिरण्यांना कणी मुद्दाम वेगळी काढून विकावी लागते.

आपला संबंध इथं येतो. भारत हा कणीचा मोठा निर्यातदार, आंध्रच्या काकीनाडा बंदरातून पश्चिम आफ्रिकेला जहाजंच्या जहाजं जातात. सप्टेंबर 2022 मध्ये भारतानं तुकडा तांदळाच्या निर्यातीवर बंदी घातली तेव्हा आपल्याकडं ती बातमी आतल्या पानावर कुठंतरी असेल, तिकडं मात्र ती थेट दुपारच्या जेवणाची बातमी होती. नंतर सरकारांच्या विनंतीवरून काही देशांना खास कोटा दिला त्यात सेनेगल होतं, आणि बंदी उठली ती मार्च 2025 मध्ये.

तांदूळ आशियातला, टोमॅटो-मिरची अमेरिकेतली, मग हे 'पारंपरिक' कसं काय?

हा प्रश्न लोक जिंकल्यासारखा विचारतात. भुईमुगाचं तेलसुद्धा धरा, भुईमूगही दक्षिण अमेरिकेचा. कसावा तिकडचाच. कोबी-गाजर युरोपीय लोकांबरोबर आलं. राहिलं काय, मासा, भेंडी, चिंच आणि नेतेतू नावाचं आंबवलेलं बी. बरं मग?

माझं मत असं की या जेवणातला वारसा सामानाच्या यादीत शोधायचाच नाही. तो वाटण कसं करायचं, मासा कुठं भोसकायचा, रस्सा किती आटवायचा, परातीभोवती कोण कुठं बसतं आणि मासा कोण तोडतं यात आहे. सामान जहाजानं येतं, हे बाकीचं आईकडून येतं. सामान बदललं तरी घर तेच राहतं, उलटं मात्र होत नाही, म्हणजे सगळं सामान बरोबर आणलं आणि ताटं वेगवेगळी वाढली तर तिथल्या माणसाला ते जेवल्यासारखंच वाटत नाही.

घराण्याचा वारसा म्हणतात तो नेमका कसा पुढं जातो? रेसिपी लिहून ठेवतात का?

नाही. निदान मी तरी कोणाकडं वही बघितली नाही. मुली सात-आठ वर्षांच्या झाल्या की आधी लसूण सोलायला, तांदूळ निवडायला, मग खलबत्त्याजवळ. खलबत्ता म्हणजे लाकडी उखळ, आणि त्यात जे कुटलं जातं ते रोफ: पार्सली, लसूण, कांद्याची पात, मिरची, मिरी, मीठ. प्रत्येक घरचा कांदा-लसूण मसाला वेगळा असतो तसा प्रत्येक घरचा रोफ वेगळा, कोणी मिरी जास्त घालतं कोणी पार्सली, आणि सासरी आलेली सून माहेरचा रोफ करते की सासरचा यावर बारीक राजकारण चालतं ते वेगळंच. एकत्र कुटुंबात सुनांच्या स्वयंपाकाच्या पाळ्या असतात, दोन-दोन दिवस एकीकडं, त्यामुळं तुलना तर रोजची.

आमच्या घरमालकीणबाईंचं बघितलेलं सांगतो. माशाचे जाड तुकडे, चार बोटं रुंद. त्या अंगठा आणि तर्जनी वापरून तुकड्यात काट्याच्या दोन्ही बाजूंना खोल खळगा करायच्या, सुरी नाहीच, सुरीनं मासा फाटतो म्हणायच्या, आणि चिमटीत रोफ घेऊन आत दाबायच्या, इतका घट्ट की रश्शात उकळला तरी बाहेर येत नाही. शेजारी नात बसलेली. नातीनं भरलेला तुकडा त्या हातात घेऊन फक्त वजन बघितल्यासारखा तोलायच्या आणि काही न बोलता परत तिच्यासमोर ठेवायच्या, म्हणजे परत भर. बोलून शिकवणं जवळपास शून्य. मीठ किती, तर रश्शाचा थेंब तळहातावर टाकून चाटायचा. टोमॅटो झाला का, तर वास. पोरीला विचारलं की तू कशी शिकलीस तर ती म्हणे मी नाही शिकले, मी फक्त तिथं होते.

चेबु जेन युनेस्कोच्या वारसा यादीत आहे, त्या कागदातही हेच लिहिलंय की ही विद्या आईकडून मुलीकडं जाते.

मग पुरुष करतच नाहीत का?

घरात फार कमी. जुन्या पिढीत तर पुरुषानं चुलीजवळ जाणं म्हणजे चेष्टेचा विषय. पिएर थियाम हा आज जगभर नाव असलेला सेनेगली शेफ, डाकारमध्ये वाढला, शिकायला अमेरिकेला गेला आणि न्यूयॉर्कच्या हॉटेलांत काम करताना पुरुष स्वयंपाक करताना बघून त्याला आश्चर्य वाटलं होतं. आता हॉटेलात, परदेशात एकट्या राहणाऱ्या पोरांत चित्र बदललंय. पॅरिसमध्ये किंवा इटलीत राहणारा पोरगा आईला व्हिडिओ कॉल लावतो, फोन कुकरला टेकवून ठेवतो आणि आई तिकडून ओरडते, अरे आच कमी कर.

परातीतून एकत्र खायचे काही नियम आहेत का?

आहेत, आणि ते मुलांना अक्षरांच्या आधी शिकवले जातात. हात धुवायचा, उजव्या हातानं खायचं, चटईवर बसायचं पण गुडघा उभा करून नाही, लहान मुलांनी डाव्या हातानं परातीची कड धरायची म्हणजे परात हलत नाही आणि डावा हात कामाला लागल्यामुळं इकडंतिकडं जात नाही (हे दुसरं कारण मला एका शिक्षकानं सांगितलं). शितं सांडायची नाहीत. आपल्यासमोरचा जो त्रिकोण तेवढाच आपला. मधला मासा आणि भाज्या स्वतः ओढून घ्यायच्या नाहीत, घरातली बाई किंवा वडीलधारं माणूस तोडून प्रत्येकाच्या पुढ्यात टाकतं. पाहुण्याच्या पुढ्यात सारखं येत राहतं, तुम्ही नको म्हणालात तरी, माशाचा गालाचा मऊ भाग, गाजराचा तुकडा, कसाव्याचा गर, गुपचूप तुमच्या बाजूला सरकवला जातो. पोट भरलं की उठायचं, बसून राहायचं नाही, दुसऱ्याला जागा होते.

आणि जेवायच्या वेळेला दारात जो कोणी असेल त्याला 'ये जेवायला' म्हणणं हा शिष्टाचार नाही, खरंच बोलावणं असतं. या पाहुणचाराला तेरांगा म्हणतात, तिथल्या फुटबॉल टीमचं टोपणनावसुद्धा तेरांगाचे सिंह असं आहे. जो घरी नाही त्याचा वाटा आधीच बाजूला झाकून ठेवतात.

हॉटेलात मात्र चमचा आणि वेगळी प्लेट मिळते, घाबरू नका.

लाल आणि पांढरा यात फरक काय?

टोमॅटो पेस्ट घातली की लाल, नाही घातली की पांढरा. पांढऱ्यात चिंच आणि आंबटपणा पुढं येतो. टुरिस्ट लालच मागतात. सेंट लुईचे जुने लोक पांढऱ्याला जास्त मान देतात, कारण त्यात मासा शिळा असेल तर लपायला जागा नसते.

त्या वासाचं काय? गेज, येट हे काय असतं?

गेज म्हणजे आंबवून खारवून वाळवलेला मासा. येट म्हणजे मोठ्या समुद्री शंखातला प्राणी, आंबवून वाळवलेला, आणि त्याचा वास, खरं सांगतो, बाजारात दोन गल्ल्या आधीपासून येतो. नेतेतू हे एका झाडाच्या शेंगांतलं बी, शिजवून आंबवून काळपट गोळे केलेलं. तिन्ही अगदी थोडं घालायचं, रश्शाला खोली येते. सुक्या मासळीच्या वासात वाढलेल्या कोकणी माणसाला यात काही विशेष वाटू नये. हल्ली बऱ्याच घरांत याऐवजी बाजारातले मसाल्याचे तयार क्यूब घालतात, पटकन होतं, स्वस्त पडतं, आणि मग मीठ किती पोटात जातं याला सुमार नाही, डॉक्टर लोक तिकडं रक्तदाबाबद्दल ओरडत असतात. मी क्यूबच्या विरोधात नाही पण क्यूबची चव सगळ्या घरांत सारखी येते, तोच तर प्रॉब्लेम आहे.

महाराष्ट्रात करायचं झालं तर सामान मिळतं का?

बहुतेक सगळं मिळतं. सहा-सात माणसांचा अंदाज देतो.

मासा दीड किलो. सेनेगलमध्ये मानाचा मासा चोफ, तो ज्या कुळातला त्यातलाच आपला हेकरू, काही जण गोबरा म्हणतात. नसेल तर सुरमईच्या जाड तुकड्या. पापलेट नको, उगाच महाग आणि रश्शात विरघळतो. कणी एक किलो, किराणा दुकानात विचारा, इडलीसाठी ठेवतात काही जण. तीन कांदे, दोनशे ग्रॅम टोमॅटो पेस्ट (पेस्टच, प्युरी पातळ पडते), पाव लिटर शेंगदाण्याचं तेल, हो पाव लिटर, वाचलंत ते बरोबर आहे. अर्धा कोबी मोठ्या फोडी, तीन गाजरं, लाल भोपळ्याचा तुकडा, दोन वांगी, मूठभर भेंडी, एक कसावा. कसावा म्हणजे ज्याचा साबुदाणा करतात तो कंद, केरळी दुकानात कप्पा म्हणून मिळतो, नसेल तर रताळं. तिथं जखातू नावाचं कडसर गोल हिरवं वांगं घालतात, ते इथं मिळणं कठीण, त्यापायी अडू नका. चिंच लिंबाएवढी. गेजच्या जागी खारवलेल्या सुक्या बांगड्याचा तुकडा, धुऊन. पार्सली मिळाली तर उत्तम, नाहीतर कोथिंबीर, पण मग चव भारतीय होणार हे धरून चाला.

आधी रोफ कुटा आणि माशात भरा. रुंद जाड बुडाच्या पातेल्यात तेल तापवून मासा दोन्ही बाजूंनी नुसता पकडेपर्यंत परता, बाहेर काढा. त्याच तेलात कांदा, मग टोमॅटो पेस्ट, आणि इथं घाई करायची नाही, मध्यम आचेवर दहा-पंधरा मिनिटं परतत राहायचं, लाल रंग विटकरी होतो आणि तेल कडेला सुटतं, कच्च्या पेस्टचा आंबट वास पूर्ण गेला पाहिजे, सगळ्या पदार्थाचं भवितव्य या पंधरा मिनिटांत ठरतं. मग तीन लिटरच्या आसपास पाणी, सुका मासा, मीठ, कडक भाज्या आधी, भेंडी शेवटी. तिथं एक गोल जहाल मिरची अख्खी सोडतात, फुटू न देता, सुगंध येतो पण तिखट होत नाही, इथं दोन अख्ख्या हिरव्या मिरच्या देठासकट टाका. मासा परत घालून पंधरा-वीस मिनिटं. जे जे शिजेल ते ते अलगद काढून झाकून ठेवा.

दरम्यान कणी तीन-चार पाण्यांनी धुवा, पिठूळ पाणी जाईपर्यंत, आणि चाळणीत घालून रश्शाच्या पातेल्यावरच वाफवा. इडलीपात्रात कापडावर वाफवली तरी चालेल. हे वाफवणं गाळलंत तर खिचडी होईल, नंतर मला सांगू नका. दोन वाट्या रस्सा बाजूला काढा, त्यात चिंचेचा कोळ घाला, हा वरून घ्यायला. उरलेल्या रश्शात वाफवलेली कणी, रस्सा तांदळाच्या वर जेमतेम बोटाच्या पेराएवढा असावा, जास्त असेल तर काढा. मोठ्या आचेवर आटत आला की आच अगदी बारीक, झाकण घट्ट, वीस मिनिटं. मध्ये एकदाच खालून वर हलवा.

बुडाला लागलेली खरवड, तिला तिकडं खोन म्हणतात, ती खरवडून परातीच्या एका बाजूला ठेवायची. त्यावरून भांडणं होतात. अंबाडीचा पाला आणि भेंडी उकडून घोटलेली आंबट चटणीही सोबत असते, आणि आपल्याकडं लाल अंबाडी मिळते त्यामुळं ही तर सहज जमेल. वर लिंबू पिळा.

शाकाहारी करता येईल का?

करता येईल, चांगला भातही होईल. चेबु जेन नाही होणार.

आपल्या मुलांना मासा-भात तिखट लागेल का?

नाही, मिरची फुटू दिली नाही तर अजिबात नाही.

सेनेगलच्या बाहेर हे जेवण कुठं पोचलंय?

दोन वाटांनी गेलंय. एक जुनी आणि वाईट: सेनेगांबियाच्या किनाऱ्यावरून गुलाम म्हणून नेलेली माणसं अमेरिकेच्या दक्षिणेत, कॅरोलिना-जॉर्जियाच्या भातशेतीवर राबली, त्यांचे वंशज गल्ला-गीची लोक, आणि चार्ल्सटनचा रेड राइस हा त्या रश्शात भात मुरवायच्या पद्धतीचाच नातलग मानला जातो. तिथल्या काही कुटुंबांसाठी सेनेगलचा भात खाणं म्हणजे पणजी-खापरपणजीच्या आधीचं घर शोधणं असतं. दुसरी वाट अलीकडची, फ्रान्स, इटली, स्पेन, न्यूयॉर्कचं हार्लेम इथं गेलेल्या सेनेगली लोकांची.

उलट्या दिशेचंही एक सांगतो, इंडोचायनाचा विषय निघालाच आहे तर. फ्रेंच सैन्यातले सेनेगली शिपाई व्हिएतनामला लढायला गेले, काही जण तिथल्या बायका करून परतले, आणि त्या बायकांनी आणलेले नेम, म्हणजे तळलेले रोल, आज डाकारमध्ये प्रत्येक लग्नात असतात.

मासाच संपत चाललाय म्हणतात, ते खरं आहे का?

बऱ्याच अंशी खरं. चोफ इतका ओरबाडला गेलाय आणि युरोपला इतका जातो की डाकारच्या साध्या घरात तो आता पाहुणे आले तरच. (तिथं देखण्या, पैसेवाल्या पुरुषालाही चोफ म्हणतात, यावरून भाव समजा.) रोजच्याला मग याबोय, आपल्या तारलीची बहीण. तर आता त्या याबोयलाही फिशमीलच्या कारखान्यांनी गाठलं, सेनेगल, गांबिया, मॉरिटानिया सगळीकडं, मासा दळून भुकटी करायची आणि परदेशातल्या मत्स्यशेतीला विकायची. परदेशी ट्रॉलर आहेतच. युरोपियन युनियनबरोबरचा मासेमारीचा करार नोव्हेंबर 2024 मध्ये संपला आणि पुढं वाढवला गेला नाही, त्याचा किती उपयोग होतो ते दिसेल.

गेत न्दारची तर जमीनच जातेय. 2003 मध्ये पुराचं पाणी काढायला त्या वाळूच्या पट्टीत चार मीटरचा चर खणला, तो समुद्रानं खाऊन काही किलोमीटर रुंद केला, किनाऱ्यावरची घरं गेली, माणसं आत हलवली. किनाऱ्यापासून लांब राहायला गेलेल्या मासेमाराच्या बायकोला मासा बाजारातून विकत आणावा लागतो, हे तिच्या आजीला सांगून पटलं नसतं.

युनेस्कोच्या यादीत आल्यानं काय झालं?

डिसेंबर 2021 मध्ये चेबु जेन मानवतेच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेलं. पोस्टर लागले, टीव्हीवर चर्चा, घरमालकीणबाई म्हणाल्या बरं झालं, मासा स्वस्त होणार का. मला त्या नोंदीतलं एकच आवडलं, की मासा कोणता आणि भाज्या किती हे पाहुण्यावर किती जीव आहे त्यावरून ठरतं. म्हणजे परातीकडं बघून तुम्हाला तुमची पत कळते, बोलायची गरज नाही.

सोबत काय प्यायचं?

जेवताना काही नाही. नंतर बिसाप, म्हणजे लाल अंबाडीच्या फुलांचं थंड सरबत. आणि मग अताया, हिरवा चहा पुदिना-साखर घालून, छोट्या ग्लासांत, तीन फेऱ्या, पहिली कडू आणि पुढच्या गोड होत जातात. ग्लासातून ग्लासात उंचावरून ओतत फेस काढत बसतात, तास-दीड तास सहज. ऑफिसला परत जायचं असेल तर पहिल्या फेरीनंतर उठा.

उरलं तर दुसऱ्या दिवशी चालतं का?

चालतं. मासा वेगळा काढा, फ्रिजमध्ये ठेवा. भातावर पाण्याचा हबका मारून झाकून बारीक आचेवर गरम करा, राखून ठेवलेला चिंचेचा रस्सा असेल तर पाण्याऐवजी तोच. मासा वेगळा, वरून शेवटच्या पाच मिनिटांत. खरवड मात्र त्याच दिवशी संपवा, परत गरम केली की दगड होते.